ताईची रेकॉर्ड

मैत्रिणींनो, दिवाळीच्या आधी माळा आवरायला घेतला की तुमचंही माझ्यासारखंच होतं का? जुनं काही हाताला लागलं की मनात दोनच विचार येतात. एक तर भंगारवाल्याला द्यावं, नाहीतर त्याचं काहीतरी उपयोगी करावं. सरळ टाकून देणं काही आपल्याच्याने होत नाही. या उपयोगी करण्याच्या हौसेपायी माझ्या हातून एकदा जे घडलं, ते आज तुम्हांला सांगणार आहे. गोष्ट १९७९ सालची. म्हणजे किती वर्षं झाली ते तुम्हीच मोजा.

लग्न होऊन मी कोपरीला आले त्याला तेव्हा दोन वर्षं झाली होती. कोपरी म्हणजे ठाणे स्टेशनची पूर्वेची बाजू. मीठबंदर रोडकडच्या एका चाळीत आमच्या दोन खोल्या. रूळ इतके जवळ, की गाडी गेली की मांडणीवरची भांडी किणकिणायची. पाहुणे दचकायचे, आम्ही बोलणं तेवढं थांबवायचो आणि गाडी गेली की वाक्य पुढे चालू! घरात माणसं पाच आणि जागा ही एवढी. तेव्हा खाटेखालची पत्र्याची ट्रंक माझ्या डोळ्यांवर आली नसती तरच नवल. ट्रंकेत सासूबाईंच्या माहेरचा फोनो होता, स्प्रिंग तुटलेला, आणि खाकी कागदाच्या पाकिटांत घातलेल्या पंधरा-वीस काळ्या रेकॉर्डी. वाजत काहीच नव्हतं. पावसाळ्यात पाकिटांना बुरशी तेवढी यायची.

त्याच सुमाराला एका मासिकात टाकाऊतून टिकाऊ असं काहीतरी वाचलं. जुनी रेकॉर्ड कढत पाण्यात धरावी, मऊ झाली की पालथ्या पातेल्यावर घालून कडा खाली दाबाव्यात, गार झाली की झाली फुलदाणी! मधलं भोक असतंच, म्हणजे कुंडी म्हणूनही छान, पाण्याचा निचरा होतो. मासिकाचा यात काही दोष नाही हो. कृती अगदी बिनचूक होती. दोष असलाच तर माझ्या उत्साहाचा. आई, म्हणजे माझ्या सासूबाई, दुपारी भजनाला गेल्या होत्या. मी ट्रंकेतली वरचीच रेकॉर्ड उचलली, परातीत कढत पाणी ओतलं, आणि पाच मिनिटांत काम फत्ते. कडा काय सुंदर वळल्या होत्या! पापडाला तळताना वळतात तशा.

आई आल्या. मी मोठ्या कौतुकाने पुढे केली. त्यांनी ती हातात घेतली, उलटी करून बुडाचा कागद वाचला, आणि खाटेवर बसल्या. रागावल्या नाहीत. रागावल्या असत्या तर बरं झालं असतं. एवढंच म्हणाल्या, "अगं, ही आमच्या ताईची गं."

मला वाटलं, ताईच्या मालकीची. तसं नव्हतं. ताईने गायलेली.

मग हळूहळू, कधी भाजी निवडताना, कधी वाती वळताना, त्यांनी सगळं सांगितलं. आईंचं माहेर कल्याणचं. ताई त्यांच्याहून नऊ वर्षांनी मोठी. घरी पेटी शिकवायला मास्तर यायचे. मुलीचा गळा पाहून त्यांनीच वडिलांची समजूत घातली, आणि १९३८ साली वडील दोन्ही मुलींना घेऊन गाडीने मुंबईला गेले. आई तेव्हा अकरा वर्षांच्या. त्यांना आठवत होती ती एक बंद खोली, खिडक्यांना जाड पडदे, ताईच्या तोंडासमोर मायक्रोफोन, तबलजी मात्र पार भिंतीपाशी नेऊन बसवलेला. एक मनुष्य घड्याळाकडे बघत उभा, कारण गाणं तीन मिनिटांत संपलंच पाहिजे. त्या काळी आवाज मेणाच्या जाड चकतीवर कोरला जाई. ती लगेच वाजवून बघायची सोय नव्हती, वाजवली की मेणावरच्या रेषा बिघडायच्या. चूक झाली की चकती बाद, नवी लावायची. ताईच्या दोन बाद झाल्या. तिसऱ्या वेळी जमलं म्हणे. गाणं एकच, पण लांब, म्हणून अर्धं एका बाजूला आणि अर्धं दुसऱ्या.

पैसे किती मिळाले ते आईंना माहीत नव्हतं. चार प्रती मिळाल्या, हे मात्र पक्कं आठवत होतं. बायकांचा हिशेब असाच असतो, नाही का? एक मास्तरांना दिली. एक शेजाऱ्यांनी मागून नेली ती दोन तुकडे होऊन परत आली. एक ताई लग्नानंतर सासरी घेऊन गेली; तिथे फोनो नव्हता आणि सुनेने गाण्याची रीतही नव्हती. पुढे १९४४ मध्ये दुसऱ्या बाळंतपणात ताई गेली. तिचा एक लग्नातला फोटो आहे, त्यात मुंडावळ्यांमुळे चेहरा धड दिसत नाही. चौथी प्रत वडिलांकडून आईंकडे आली, आणि ती मी परातीत घातली.

त्यानंतर आईंनी ती वाटी टाकली नाही. देवापाशी ठेवली आणि तिच्यात वाती ठेवायला लागल्या. मला मात्र रोज सकाळी ती दिसायची.

तुम्ही म्हणाल, गाण्याची रेकॉर्ड ती, दुसरी प्रत मिळेल की कुठेतरी! मलाही तसंच वाटत होतं. ती का मिळत नाही हे कळायला मला पुढची वीस-बावीस वर्षं लागली, आणि कळलं ते माझ्या धाकट्या मुलामुळे. त्याला कॉलेजात असताना जाझ संगीताचं वेड लागलं. घरात दिवसरात्र ती ट्रम्पेट! मी वैतागायचे. पण एकदा ताईंची गोष्ट निघाली तेव्हा त्याने जे विचारलं ते आमच्यापैकी कुणाला कधी सुचलं नव्हतं. "आई, रेकॉर्ड कुठल्या कंपनीची होती?"

जाझवाल्यांना म्हणे गाणाऱ्याइतकंच कंपनीचं नाव महत्त्वाचं. त्याने मला सांगितलं, की अमेरिकेत इंडियाना राज्यातल्या रिचमंड गावी पियानो बनवणाऱ्या एका कारखान्याने जेनेट नावाच्या रेकॉर्डी काढल्या. मोठ्या कंपन्या ज्यांना दारात उभं करत नव्हत्या अशा काळ्या वादकांना १९२३ साली तिथे बोलावलं. त्यांत लुई आर्मस्ट्राँग नावाचा एकवीस वर्षांचा पोरगा होता, पुढे जगभर गाजला तो. आणि गंमत ऐका, कारखान्याशेजारून रेल्वे जायची. गाडी आली की रेकॉर्डिंग थांबवायचं, गेली की पुन्हा सुरू. हे ऐकून आम्ही सगळेच हसलो. म्हटलं, अगदी कोपरीच की रे ही!

दुसरी त्याची लाडकी कंपनी ब्लू नोट. जर्मनीतून न्यूयॉर्कला आलेल्या आल्फ्रेड लायन नावाच्या तरुणाने ती १९३९ मध्ये काढली. पहिल्याच दिवशी दोन पियानोवाल्यांना बसवून मुद्रण केलं. नंतर फ्रान्सिस वुल्फ हा त्याचा लहानपणचा मित्र येऊन मिळाला. गाणं आपल्याला आवडलं की काढायचं, एवढाच हिशेब. १९६५ मध्ये कंपनी विकावी लागली. पण घेणाऱ्याने नाव ठेवलं, मूळ मुद्रणं जपली, आणि त्या रेकॉर्डी आजही नव्याने निघतात. माझ्या मुलाने पगारातून घेतल्यात, किंमत सांगत नाही.

(जाझ म्हणजे अगदी परकं असंही समजू नका. १९३५ मध्ये मुंबईच्या ताजमहाल हॉटेलात लिऑन ॲबीचा बँड वाजत होता. पुढे गोव्याचे वादक रात्री हॉटेलात जाझ आणि दिवसा स्टुडिओत सिनेमाची गाणी वाजवू लागले. सी. रामचंद्रांच्या 'अलबेला'वर, १९५१ च्या, आपण सगळ्या ज्याने ठेका धरतो ते यांचंच देणं. चिक चॉकलेट हा गोव्याचा ट्रम्पेटवाला त्यांच्याबरोबर असे.)

तर, कंपनी कुठली? मी देवापाशी गेले, वाती काढल्या आणि बुडाचा कागद वाचला. पातेल्याचं बूड सपाट होतं म्हणून मधला भाग वाचला होता. नाव होतं यंग इंडिया.

या कंपनीची हकिगत मी नंतर मिळेल तिथून गोळा केली. आधी त्या काळची स्थिती सांगते. आपल्याकडे गाणं रेकॉर्डवर आलं ते १९०२ साली. ग्रामोफोन कंपनीचा माणूस विलायतेहून कलकत्त्याला आला आणि गौहरजानचा आवाज मुद्रित करून घेऊन गेला. रेकॉर्डी छापायला पार जर्मनीत हॅनोव्हरला पाठवायच्या. तिथल्या कामगारांना ओळखू यावी म्हणून बाई गाण्याच्या शेवटी इंग्रजीत आपलं नाव सांगायची. १९०८ मध्ये कलकत्त्याला कारखाना झाला, १९२८ मध्ये दमदमला मोठा. कुत्र्याचं चित्र असलेली ती कंपनी तुम्हां-आम्हांला माहीतच आहे. नावाजलेले गवई बहुतेक तिच्याशीच करारांनी बांधलेले. पुढे कलकत्त्याला हिंदुस्तान, मेगाफोन अशा देशी कंपन्या निघाल्या. पण नाव त्यांचं असलं तरी तबकड्या दमदमलाच छापून यायच्या.

अशा वेळी १९३५ मध्ये मुंबईत नॅशनल ग्रामोफोन रेकॉर्ड मॅन्युफॅक्चरिंग कंपनी निघाली. तिचं लेबल यंग इंडिया. गांधीजींच्या साप्ताहिकाचंही हेच नाव होतं. स्वदेशीचे दिवस ते, नाव ऐकूनच गिऱ्हाईक थबकलं असेल. हिने वडाळ्याला स्वतःचा कारखाना घातला. वीस वर्षांत सुमारे दहा हजार मुद्रणं काढली. सिनेमाची गाणी, भावगीतं, शास्त्रीय, लोकगीतं, अगदी शिकवण्याच्या रेकॉर्डीसुद्धा. मोठे गवई मिळण्यासारखे नव्हते, मग कोण? तर नवे, हौशी, ज्यांना कुणी ओळखत नाही असे. पेटीमास्तरांचे शिष्य, शाळामास्तर, लग्न न झालेल्या मुली. मला तर वाटतं, ताईला त्या मोठ्या कंपनीच्या जिन्यावरूनच परत पाठवलं असतं. इथे कंपनीची गरज आणि ताईचा गळा यांची गाठ पडली.

आता त्या तबकडीविषयीही सांगते, कारण ती आपल्या घरातलीच निघाली. रेकॉर्ड कशाची असे माहीत आहे? लाखेची! छोटा नागपूरकडे पळस, कुसुम, बोर यांच्या फांद्यांवर किडे जी लाख करतात, आपल्या बांगड्यांना आणि पार्सलाच्या सीलला जी लागते, तीच शुद्ध केली की चपडी. चपडीत दगडाची बारीक पूड आणि काजळी घालून गरम लगदा साच्यात दाबायचा. म्हणून ती कढत पाण्यात मऊ पडते आणि हातातून सुटली की खापरीसारखी फुटते. जगभरच्या रेकॉर्डींना ही चपडी जायची ती मुख्यतः आपल्या देशातून. महायुद्धात तिचा तुटवडा पडला तेव्हा १९४२ मध्ये अमेरिकेच्या सरकारने रेकॉर्डींसाठी चपडी वापरण्यावर सत्तर टक्के कपात केली, आणि तिथे लोकांकडून जुन्या रेकॉर्डी परत घेऊन, दळून, नव्या करू लागले. म्हणजे गाणं वितळवणारी मी पहिली नव्हे! पण हे समाधान काही फार वेळ टिकत नाही.

यंग इंडिया १९५५ मध्ये बंद पडली. त्यानंतर प्लास्टिकच्या, न फुटणाऱ्या, लांब वाजणाऱ्या रेकॉर्डी आल्या, मग कॅसेटी, मग सीडी. कुत्र्याच्या कंपनीने आपली जुनी गाणी प्रत्येक वेळी नव्या रूपात पुन्हा बाहेर काढली, म्हणून ती आपल्या कानांवर राहिली. यंग इंडियाचं तसं करायला मागे कुणी नव्हतं. कंपनी गेली आणि दहा हजार गाण्यांचं माहेरच गेलं. उरल्या त्या फक्त लोकांच्या घरांतल्या तबकड्या. कुणाच्या ट्रंकेत, कुणाच्या माळ्यावर, चोरबाजारात. ताईची दुसरी प्रत का मिळत नाही, त्याचं उत्तर हे.

मुंबईत जुन्या रेकॉर्डी जमवणारी मंडळी आहेत. १९९० मध्ये त्यांनी सोसायटी ऑफ इंडियन रेकॉर्ड कलेक्टर्स ही संस्था काढली. तिचे डॉ. सुरेश चांदवणकर यांनी लंडनच्या ब्रिटिश लायब्ररीच्या मदतीने संग्राहकांकडच्या यंग इंडियाच्या रेकॉर्डी हुडकून त्यांतला आवाज संगणकावर उतरवून घेतला. एका अर्थी, कंपनीने जे केलं नाही ते गिऱ्हाइकांनी केलं. मी आणि मुलगा अशाच एका जमवणाऱ्या गृहस्थांकडे गेलो होतो. वाटी कापडी पिशवीतून नेली होती. काढताना मला इतकं लाजल्यासारखं झालं! ते हसले नाहीत. भिंगाने कागद पाहिला, नंबर उतरवून घेतला आणि म्हणाले, "ही माझ्याकडे नाही, पाहिलेलीही नाही. पण वहिनी, एकीच्या चार फुलदाण्या केलेल्या बायकाही मला भेटल्यात." मग त्यांनी आम्हांला यंग इंडियाच्या दुसऱ्या दोन-तीन रेकॉर्डी लावून दाखवल्या. कुणा अशाच मुलींचे आवाज. थोडे घाबरलेले, घाईने ताना घेणारे, तीन मिनिटांच्या धाकात. प्रत्येक वेळी सुई टेकली की मला वाटे, हीच असेल. आपण ताईला कधी ऐकलेलंच नाही, तेव्हा असली तरी मला कशी कळणार होती?

त्यांनी सांगितलेल्या चार गोष्टी तुमच्याही उपयोगाच्या आहेत. माळ्यावर काळ्या, जड, फुटणाऱ्या रेकॉर्डी सापडल्या तर त्या आडव्या रचू नका, पुस्तकांसारख्या उभ्या ठेवा. उन्हात वाळवायला तर मुळीच घालू नका, वाकतात. बुरशी आली असेल तर मऊ कोरड्या फडक्याने वाटोळं, रेघांच्या दिशेने पुसा. कढत पाणी नको आणि स्पिरिट तर नकोच नको. चपडी स्पिरिटमध्ये विरघळते, पॉलिशवाल्याला विचारा. आणि हल्लीच्या रेकॉर्डप्लेअरच्या सुईने वाजवून बघायचा मोह आवरा. या रेकॉर्डींच्या रेघा रुंद असतात, त्यांना वेगळी सुई लागते. भंगारवाल्याला देण्याआधी मधला कागद मात्र वाचा. यंग इंडिया दिसलं, गाणारीचं नाव अनोळखी असलं, तर ती नक्की जपा. तिची दुसरी प्रत कुठे असेलच असं नाही.

ताईंचं नाव मी इथे लिहीत नाही. त्यांच्या सासरची माणसं आहेत अजून.

एक सांगायचं राहिलं. हे सगळं कळण्याच्या कितीतरी आधी, १९८६ मध्ये, आमच्याकडे टेपरेकॉर्डर आला. ह्यांनी बोनसमधून घेतला. पहिल्याच रविवारी सगळ्यांनी आपापला आवाज भरून ऐकण्याचा कार्यक्रम झाला. मी आईंना म्हटलं, "आई, ते ताईंचं गाणं म्हणा ना." आधी नाही नाही म्हणाल्या. आवाज नाही, श्वास पुरत नाही. मग पोळ्या आटोपून दुपारी आपण होऊन येऊन बसल्या. पदर सावरला, डोळे मिटले आणि सुरू केलं.

ती कॅसेट अजून आहे, मुलाने आता ती संगणकावरही ठेवली आहे. मागे कुणाच्या तरी कुकरची शिट्टी आहे. मधेच गाडी येते, तेव्हा आई थांबतात आणि गाडी गेल्यावर त्याच शब्दापासून पुढे घेतात. एका ठिकाणी त्या 'सखे' हा शब्द लागोपाठ तीनदा म्हणतात, अगदी एकसारखा. मला वाटलं, गाण्यातच तसं आहे. विचारलं तर म्हणाल्या, "नाही गं, तिथे चरा पडला होता. तिथे अडकायची ती."

आणि गाणं अर्ध्यावर आलं की त्या थांबतात. कॅसेटवर ऐकू येतं ते असं: जरा वेळ काहीच नाही, मग आईंचा नेहमीचा आवाज, "आता बाजू पालट." आणि मग पुढचं अर्धं.